पगार वाढला म्हणून घरी थाप मारणारा स्किनर

प्रश्न : मुलाने मोबाईलवर एक जुना मूकपट लावून दिला, सुरुवात हुकली. ऑफिसात कायम मान खाली घालून बसणारा एक कारकून, साहेबाकडे पगारवाढ मागायला जातो आणि हात हलवत परत येतो, पण घरी बायकोला सांगतो वाढली म्हणून. नाव काय असेल? आणि बायको अशी उधळी का दाखवलीय, चीड आली राव. (एक वाचक, भुसावळ)

उत्तर : हा १९२६ चा 'स्किनर्स ड्रेस सूट'. हॉलिवूडच्या युनिव्हर्सल कंपनीचा पिक्चर, डायरेक्टर विल्यम सायटर, कारकून स्किनर झालाय रेजिनाल्ड डेनी आणि बायको लॉरा ला प्लांट. हेन्री आयर्विंग डॉज यांच्या कथेवर १९१७ मध्येही एक मूकपट निघालेला, पण तुम्ही बघितला तो हाच असणार.

आता बायकोचं. तुम्ही चिडलात पण जरा तिच्या जागी बसून बघा की. तिला नवऱ्याने सांगितलंय की आठवड्याला दहा डॉलर वाढले, मग ती त्याच हिशोबाने खर्च करतेय, खोटं ती बोलत नाहीये. पहिला खर्चसुद्धा स्वतःच्या साडीचोळीचा नाही, नवऱ्याला पार्टीत घालायला झकपक सूट शिवायचा म्हणून. मग सूट आला की त्याला शोभेल असा तिचा ड्रेस, मग ओळखीपाळखी, मग उधारी, आणि स्किनर बिचारा प्रत्येक वेळी खरं बोलायला तोंड उघडतो आणि तिचा खुललेला चेहरा बघून गप्प बसतो. तिथे डेनीला बघा. ना धडपडणं ना केळीच्या सालीवरून घसरणं (ते आपल्या रावेर-यावलकडे शोभलं असतं), माणूस दिसायला चांगला देखणा, अंगात नीट बसलेला सूट, आणि डोळ्यांत मात्र घेणेकरी आल्यासारखी धास्ती. सगळा विनोद त्या धास्तीचा आहे. मला विचाराल तर ही लग्नानंतरची लव्हस्टोरी आहे, साहेबापुढे बोलता येत नाही म्हणून बायकोपुढे खोटं बोलावं लागतं एवढीच गोष्ट.

ऑफिसातल्या टायपिस्ट मुलीकडून तो नवा डान्स शिकतो आणि मग पार्टीत भल्याभल्यांना नाचायला लावतो, तो भाग परत लावून बघाच. शेवट मात्र मला नाही पटत. नोकरी गेलेली, देणेकरी मागे, आणि ज्या बड्या गिऱ्हाईकाच्या मागे कंपनी लागलीय ते नेमकं पार्टीत भेटतं आणि सूटामुळे सगळं जुळून येतं. बुजरेपणा गेला तो कपड्याने, माणूस तसाच राहिला की!

प्रश्न : डेनी पुढे कुठे गेला? बोलपट आल्यावर दिसत नाही. (अमळनेर)

उत्तर : दिसतो, पण हिरो म्हणून नाही. मूळचा इंग्लंडचा, बोलायला लागल्यावर इंग्रजी उच्चार ऐकू आले, मग अमेरिकन साध्याभोळ्याचे रोल सुटले. डायरेक्टर हिचकॉकच्या १९४० च्या 'रेबेका' पिक्चरमध्ये इस्टेटीचा मॅनेजर तोच आहे. पण खरी गंमत वेगळीच, त्याला रेडिओवर चालणाऱ्या छोट्या विमानांचा नाद होता, त्यातून कंपनी काढली आणि दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन लष्कराला नेमबाजीच्या सरावासाठी बिनपायलटची विमानं पुरवली. त्याच कारखान्यात कामाला असलेल्या एका पोरीचे फोटो लष्कराच्या फोटोग्राफरने काढले, ती पुढे मर्लिन मन्रो झाली.

प्रश्न : आमच्या वाचनालयात पडदा लावून हा दाखवायचाय. परवानगी लागते का? आणि आवाजाचं काय करायचं? (शिरपूर)

उत्तर : आपल्या कायद्यात पिक्चरचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षं असतो, त्यामुळे १९२६ च्या मूळ पिक्चरचं टेन्शन नाही. पण हल्लीच्या डिस्कवर जे संगीत असतं ते नव्याने रेकॉर्ड केलेलं असतं, त्याचे हक्क वेगळे, म्हणून आवाज बंद ठेवा आणि गावातलाच पेटी-तबला बसवा, तेव्हासुद्धा थेटरात वादक समोर बसूनच वाजवायचे. प्रिंट जरा मळकट निघाली तर नाराज होऊ नका, युनिव्हर्सलने आपल्या मूकपटांच्या निगेटिव्ह १९४८ मध्ये स्वतःच नष्ट केल्या, त्यामुळे त्यांचे बरेचसे पिक्चर घरगुती १६ एमएमच्या (अरुंद फिल्मच्या) कॉप्यांवरच तगलेत. मध्येमध्ये पडद्यावर संवादाच्या इंग्रजी पाट्या येतात त्या माईकवर कोणीतरी वाचायला हवा, आणि शिरपुरात दाखवताय तर अहिराणीतच वाचा भो, फक्त वाचणाऱ्याने आधी एकदा पूर्ण बघून ठेवावं, पाट्या लगेच जातात.