आजोबांचं युद्ध चार मिनिटांत संपतं

प्रश्न : माझे आजोबा 84 वर्षांचे आहेत. लष्करात वायरलेस ऑपरेटर होते, प्रत्यक्ष युद्ध पाहिलेलं. त्यांची धाकटी बहीण, आमची आत्याआजी, त्याच युद्धात लष्करी रुग्णालयात नर्स होती. दोघांच्या आठवणी रेकॉर्ड करून ठेवायच्या आहेत. पण आजोबा तारीख, तुकडीचं नाव आणि "आपण जिंकलो" एवढं सांगून चार मिनिटांत थांबतात. मी धीर करून विचारलं, "तुमच्यासमोर कुणी गेलं का?" तर उठूनच गेले. शिवाय त्यांच्या तारखा सर्व्हिस बुकाशी जुळत नाहीत. आत्याआजी म्हणते, "मी काय सांगणार, मी तर नुसती नर्स." कसं करावं?

उत्तर : सुरुवात आत्याआजीपासून करा, आणि तीही आजोबा घरात नसताना. "नुसती नर्स" हे मी इतक्यांदा ऐकलंय की ते कानावर पडलं की मी वही पुढे ओढते. सैनिकाला निदान लोक विचारतात. नर्सला तिच्या कामाबद्दल कुणी विचारलेलंच नसतं, त्यामुळे तिच्या आठवणी सांगून सांगून गुळगुळीत झालेल्या नसतात.

एका निवृत्त नर्सबाईंकडे मी दोन दुपारी नुसती बसून आले. "युद्धाबद्दल सांगा" म्हटलं की बाई गप्प. तिसऱ्या दुपारी विचारलं, "रात्रपाळीला खिशात काय काय असायचं?" बाई सावरून बसल्या. कात्री, पेन्सिल, सेफ्टी पिना, आणि उजेड बाहेर जाऊ नये म्हणून काचेवर निळा कागद चिकटवलेली टॉर्च. कात्रीवरून गोष्ट बुटांवर आली. जखमी आला की बूट कापून काढायचे, पण एक मुलगा कापू देईना. बूट नवे होते. बाई त्याच्या पायाशी बसून रक्तानं आवळलेली नाडी बोटांनी सोडवत राहिल्या. "अशी धरायची, मग असं," म्हणत त्यांनी मला पदराचं टोक बोटांत धरून दाखवलं. तो पाय सकाळी कापावा लागणार होता, हे त्यांना ठाऊक होतं, त्याला नव्हतं.

घरी येऊन ऐकलं, तर रेकॉर्डिंगमध्ये नुसतं "असं... मग असं". ही चूक तुमच्या हातून होऊ देऊ नका. त्यांचे हात बोलायला लागले की तुम्ही तोंडानं विचारा, "म्हणजे अंगठा गाठीखाली घालायचा?" त्या "हो" म्हणतील आणि पुढे कधीतरी ऐकणाऱ्याला ती गाठ दिसेल.

आजोबांना तो प्रश्न पुन्हा विचारू नका. त्यांच्या कामाचं विचारा. सेट केवढा जड होता, पाठीवर कोण घ्यायचं, बॅटरी कशी चार्ज करायचे, हेडफोननं कान दुखायचे का. मोर्सवर, म्हणजे टकटकीच्या सांकेतिक लिपीत, काम केलं असेल तर विचारा, पलीकडचा ऑपरेटर नुसत्या टकटकीवरून ओळखू यायचा का. प्रत्येकाचा 'हात' वेगळा असतो आणि जुन्या ऑपरेटरांना तो नावासारखा लक्षात राहतो. त्यातला एखादा हात मध्येच बंद पडला का, हे मात्र तुम्ही विचारायचं नाही. तिथवर ते आपणहून येतील, किंवा येणार नाहीत.

आणि आले तरी बहुतेकदा "आमच्यात एक पोरगा होता" असं म्हणून येतील. "तो पोरगा म्हणजे तुम्हीच ना?" असं कृपा करून विचारू नका. पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या कैदेत असलेल्या मल्ल सिंग या पंजाबी सैनिकाचा आवाज 11 डिसेंबर 1916 रोजी बर्लिनजवळच्या व्युन्सडोर्फच्या छावणीत मुद्रित झाला. मुद्रण करणाऱ्यांना भाषेचे नमुने हवे होते. तो जेमतेम दीड मिनिट बोलला, तेही दुसऱ्याच कुणाबद्दल सांगावं तसं. एक माणूस होता, हिंदुस्थानात लोणी खायचा, युद्धात आला, जर्मनांनी पकडला, आता त्याला परत जायचंय. शंभर वर्षांनंतरही ते ऐकताना माझ्या घशाशी आवंढा येतो.

आता तारखा. बोलत असताना एकही दुरुस्त करू नका. जर्मनांच्या ताब्यातल्या रोममध्ये 23 मार्च 1944 रोजी प्रतिकारकांनी जर्मन पोलिसांच्या तुकडीवर बॉम्बहल्ला केला आणि दुसऱ्याच दिवशी जर्मनांनी 335 जणांना आर्देआतीनेच्या गुहांमध्ये नेऊन मारलं. अलेस्सांद्रो पोर्तेल्ली या इतिहासकारानं पुढे लोकांच्या मुलाखती घेतल्या, तेव्हा कित्येकांना पक्कं आठवत होतं, की "हल्लेखोरांनी शरण यावं" अशी पत्रकं भिंतींवर लागली होती. ती कधी लागलीच नव्हती. हत्याकांड जाहीर झालं तेच सगळे मारले गेल्यावर. पोर्तेल्लींनी या आठवणी खोट्या म्हणून टाकून दिल्या नाहीत. शहर दोष कुणाच्या माथी मारू पाहतंय, हे त्यांना त्यातूनच दिसलं. तेव्हा सर्व्हिस बुकातली तारीख वेगळ्या कागदावर टिपून ठेवा आणि आजोबांची तारीख रेकॉर्डिंगमध्ये तशीच राहू द्या.

फोन विमान मोडवर, पंखा बंद, फाइलच्या दोन प्रती दोन ठिकाणी. बोलताना हात थरथरू लागले, श्वास चढला, तर त्या दिवशी तिथंच थांबा. त्यानंतर झोप उडाली तर डॉक्टरांशी बोला, नवा प्रश्न नको. पण सुरुवात याच आठवड्यात करा. लंडनचं इम्पीरियल वॉर म्युझियम 1917 मध्ये, युद्ध चालू असतानाच स्थापन झालं, पण तिथला ध्वनिमुद्रणाचा विभाग 1972 चा. खंदकातली विशीची पोरं तोवर सत्तरी ओलांडून गेली होती.

शेवटी आत्याआजीला विचारा, हे कुणी ऐकलेलं तिला चालेल. आजोबांनी ऐकलेलं चालेल का, हेही विचारा. माझ्या नर्सबाईंनी बुटांची गोष्ट सगळ्यांना सांगायची परवानगी दिली. चौथ्या दुपारी त्या जे बोलल्या, ते मात्र त्यांच्या माघारीच उघडायचं असं आमचं ठरलंय. बाई हयात आहेत आणि त्या रेकॉर्डिंगचं पाकीट माझ्या कपाटात बंद आहे.