आयबीच्या खुर्चीचं वयाचं गणित

प्रश्न : मुलगी 27 वर्षांची आहे, यूपीएससीची तयारी करते. आयपीएस मिळालं तर पुढे इंटेलिजन्स ब्युरोची (आयबी, केंद्राची गुप्तचर यंत्रणा) संचालक होऊ शकेल का? (एक पालक, सातारा)

उत्तर : आयपीएसला अजून वाव आहे, खुल्या गटाची वयोमर्यादा 32 आहे. संचालकपद मात्र अवघड. अरविंद कुमार 1984 च्या बॅचचे, 2019 मध्ये संचालक झाले. तपन डेका 1988 चे, 2022 मध्ये झाले. राजीव जैन 1980 चे, त्यांनी 1 जानेवारी 2017 ला सूत्रं घेतली. म्हणजे किमान 34 वर्षं नोकरी. अठ्ठाविसाव्या वर्षी रुजू झालं तर तिथे पोचेपर्यंत वय 62, आणि निवृत्ती साठीला! नेमणुकीचा आदेश साठीच्या आत निघाला पाहिजे. एकदा निघाला की दोन वर्षांची मुदत साठीपलीकडेही चालते. डेकांना 2024 आणि 2025 मध्ये नियम शिथिल करून एकेक वर्ष वाढवून मिळालं. म्हणून पंचविशीच्या आत लागलेल्यांनाच खरी संधी. गुणवत्ता असूनही जन्मतारखेपायी कितीतरी जण विशेष संचालकपदावरूनच निवृत्त होतात.

दुसरी अट, लवकर आयबीत जाणं. जिल्ह्यातली सुरुवातीची काही वर्षं झाली की आयबी निवडक अधिकारी उचलते. एरवी केंद्रातली प्रतिनियुक्ती ठरावीक वर्षांनी संपते; इथे माणूस मुरतो. माजी संचालक अजित डोवल केरळ केडरचे, पण बहुतेक नोकरी आयबीतच झाली. दत्ता पडसलगीकरांनी दुसरी वाट धरली : आयबीत दीर्घ काळ काढून 2016 मध्ये मुंबईचे पोलिस आयुक्त, मग राज्याचे महासंचालक. परतलं की आयुक्तपद मिळतं, पण दिल्लीतली रांग सुटते. अंतिम नाव मंत्रिमंडळाची नियुक्ती समिती ठरवते, म्हणजे पंतप्रधान आणि गृहमंत्री.

प्रश्न : एसीआयओ (आयबीतले सहायक केंद्रीय गुप्तवार्ता अधिकारी) भरतीतून तिथवर जाता येतं का? (एक पदवीधर, नांदेड)

उत्तर : नाही. स्वातंत्र्यानंतर ही खुर्ची पोलिस सेवेकडेच राहिली आहे. तरी नोकरी चांगली आहे : वेतनस्तर 7, मूळ पगार 44,900 पासून. लेखी परीक्षेत चुकीच्या उत्तराला पाव गुण कापला जातो, त्यामुळे अंदाजपंचे गोळे मारू नका.

प्रश्न : आयबीला आधी माहिती असते, मग प्रमुख धरपकड का करत नाही? (एक वाचक, पणजी)

उत्तर : आयबीला अटकेचा अधिकारच नाही. ती सूचना देते. छापा राज्य पोलिस, एटीएस किंवा एनआयए घालतात. बिघडतं ते इथेच. समुद्रामार्गे हल्ला होऊ शकतो, अशा सूचना 26/11 आधी आल्या होत्या, पण प्रत्यक्ष हल्ल्याची तारीख त्यांत नव्हती. नुसत्या ‘शक्यते’वर कुणी किती महिने नाकाबंदी ठेवणार? कारगिलनंतर उभारलेलं मल्टी एजन्सी सेंटर 2008 च्या अखेरीस चोवीस तास चालू झालं ते याचसाठी : यंत्रणांनी आपापल्या तुकड्यातली माहिती रोज एकत्र ठेवावी. ते आयबीच्याच अखत्यारीत चालतं.