पहिल्यांदाच पुल्याला, म्हणजे दक्षिण इटलीतल्या प्रांताला जाताय?

सगळं एका दमात उरकायला जाऊ नका. ऑगस्ट टाळाच, किनाऱ्यांवर पाय ठेवायला जागा नसते. मे किंवा सप्टेंबर उत्तम. बारी या तिथल्या मुख्य शहरात मुक्काम ठेवलात तर पोलिन्यानो, ओस्तुनी, लेच्चे रेल्वेने आरामात होतात. अल्बेरोबेल्लोची शंकूच्या छपरांची त्रुल्ली घरं (१९९६ पासून जागतिक वारसा) सकाळी लवकर गाठा.

जुन्या बारीतल्या एका गल्लीत बायका दारातच टेबल मांडून ओरेक्येत्ते हा पास्ता वळतात. रव्याच्या पिठाचा तुकडा सुरीने लाकडावर ओढायचा, अंगठ्यावर उलटायचा, की कानाच्या पाळीसारखी वाटी तयार! तिथे निवांत थांबा. शाकाहारी असाल तर मात्र नीट विचारा: चीमे दी रापाच्या भाजीतल्या ओरेक्येत्तेत बहुतेकदा अँचोवी मासा असतो. त्याऐवजी फावे ए चिकोरिया मागवा. सुक्या बाकल्याचं घट्ट पिठलं आणि वर कडसर पालेभाजी. मला तर याच्यासमोर पास्ताही फिका वाटतो. बुर्राता (आत साय भरलेलं मऊ चीज) ताजीच खा, दुसऱ्या दिवसावर ठेवू नका.

मांदुरिया गावची प्रिमितीवो ही लाल वाइन दाट आणि चढणारी, मद्यांश सहज १४ टक्के. ती रात्रीच्या जेवणाबरोबर घ्या. दुपारी नेग्रोअमारो द्राक्षांची गार रोझे (गुलाबी वाइन) बरी. गाडी चालवणाऱ्याला दोन्ही नकोत.