फिलिपिन्सचे हाइमे फाब्रेगास आधी संगीतकार होते की नट?

पडद्यामागे आधी संगीतकार म्हणूनच नाव झालं. १९८५ च्या 'स्कॉर्पिओ नाइट्स'चं पार्श्वसंगीत त्यांचं. दिग्दर्शक पेके गालागा. हे गाणी देणारे संगीतकार नव्हेत. प्रसंगामागचं संगीत रचणारे. म्हणून नुसती गाण्यांची यादी चाळलीत तर हाती फारसं काही लागणार नाही, श्रेयनामावलीत 'संगीत' ही ओळ बघा.

नट म्हणून 'होसे रिझाल' (१९९८) जरूर बघा. लष्करी खटल्यात फिलिपिन्सचा राष्ट्रनायक रिझाल याचं वकीलपत्र घेणारा स्पॅनिश अधिकारी तावियेल दे आंद्रादे त्यांनी केलाय; त्याच चित्रपटाचं संगीत मात्र नोनोंग बुएनकामिनोचं, इथे गल्लत होते. घराघरात पोचले ते 'आंग प्रोबिन्स्यानो' (२०१५-२०२२) मालिकेतल्या पोलीस अधिकारी देल्फिन बोर्हामुळे.