डॉक्युमेंटरी दाखवून जमीन परत मिळते का हो?

प्रश्न: मी मेलबर्नला शिकतेय. वर्गात ‘निंगला आ-ना’ ही डॉक्युमेंटरी दाखवली, १९७२ ची, ब्लॅक अँड व्हाइट. अंगावर काटा आला, पण मग वाटलं असल्या पिक्चरने ॲबोरिजिनल लोकांच्या, म्हणजे ऑस्ट्रेलियाच्या मूळ रहिवाशांच्या, जमिनीचं काय होतं? कोर्ट पिक्चर बघून निकाल देतं का?

उत्तर: नाही देत. पण तुम्ही बघितलीत ती कोर्टासाठी नव्हतीच. २६ जानेवारी १९७२ ला चार ॲबोरिजिनल पोरांनी राजधानी कॅनबेरात पार्लमेंटसमोरच्या हिरवळीवर एक मोठी छत्री रोवली आणि म्हणाले ही आमची एम्बसी, म्हणजे आपल्याच मुलखात आपण परके ठरलो तर वकिलात नको का (हा टोमणा मला जाम आवडतो). मग तिथे तंबू आले, जुलैत पोलिसांनी ते उखडले, मारामारी झाली आणि ते सगळं ‘निंगला’च्या कॅमेऱ्यात आलं. आता असं काही घडलंच नाही म्हणायची सोय नाही.

पण जमलं तर ‘टू लॉज’ (दोन कायदे) बघाच, १९८१-८२ ची. उत्तरेकडच्या बोरोलूला गावच्या लोकांनी स्वतःच ठरवून केलेली, शूटिंगला तोच ‘निंगला’वाला दिग्दर्शक कॅवादिनी आणि जोडीला कॅरोलिन स्ट्रॅकन. बोरोलूला ज्या प्रांतात आहे त्या नॉर्दर्न टेरिटरीत १९७६ ला जमीन हक्काचा कायदा आला, त्याखालची पहिलीच सुनावणी बोरोलूलाची, आणि मागितलेली सगळी जमीन काही मिळाली नाही. म्हणजे पिक्चर सुनावणीनंतरचा, त्याने केस जिंकली वगैरे कोणी सांगितलं तर ऐकू नका. मग केला कशाला? तर गोऱ्यांच्या कायद्यापुढे आपला कायदा काय आहे हे एकदा आपल्या पद्धतीने मांडायला. लेन्स कुठली हेसुद्धा गावाने ठरवलं! वाइड अँगल घेतली, कारण एकट्यादुकट्याच्या चेहऱ्याचा क्लोजअप त्यांना नको होता, जमिनीबद्दल एकटा माणूस बोलत नाही, बोलतो तेव्हा आजूबाजूला बाकीचे बसलेले दिसले पाहिजेत, त्याला दुजोरा देणारे. १९३३ ला पोलिसाने लोकांना साखळ्या घालून चालवलं, मारलं, त्यात एक बाई गेली, तो प्रसंग गावकऱ्यांनीच उभा केलाय. तो बघताना माझा चहा गार झाला.

प्रश्न: अशा फिल्मच्या सुरुवातीला ‘यात मृत व्यक्ती दिसू शकतात’ अशी पाटी का असते?
— आधीच्याच वाचक

उत्तर: बऱ्याच समाजांत माणूस गेला की दुखवट्याच्या काळात त्याचं नाव घेत नाहीत, फोटो बघत नाहीत, म्हणून आधी सांगायचं. आणि काही गाणी, काही जागा तर सगळ्यांना दाखवायच्याच नसतात, फक्त बायकांच्या किंवा फक्त पुरुषांच्या. गंमत अशी की जमिनीवरच्या हक्काचा पुरावा पुष्कळदा नेमका त्यातच असतो, त्यामुळे दाव्यांमध्ये काही साक्षी बंद दाराआड घेतल्या जातात. तिथे कॅमेरा बाहेर.