जर्मन सूत्रसंचालक हान्स रोझेन्थाल यांची कारकीर्द केवळ 'डाली डाली' या दूरचित्रवाणीवरील खेळाच्या कार्यक्रमापुरतीच होती का?

नाही. रोझेन्थाल हे मुळात नभोवाणीचे कलावंत होते. 'डाली डाली' १९७१ मध्ये जर्मनीच्या झेडडीएफ वाहिनीवर सुरू झाले, तेव्हा पश्चिम बर्लिनच्या रिआस केंद्रावरील त्यांच्या प्रश्नमंजूषा आधीच लोकप्रिय होत्या. प्रेक्षकांना एखादी कामगिरी विशेष आवडली की रोझेन्थाल उंच उडी मारत, पडद्यावरचे चित्र त्यांना अधांतरी धरून क्षणभर थिजे आणि सारे सभागृह 'श्पिट्झं!' म्हणजे 'अव्वल!' असे गर्जे. मात्र या प्रसन्न माणसाचे पूर्वायुष्य वगळले तर त्याची कारकीर्द अर्धीच कळते: ज्यू असल्यामुळे १९४३ पासून त्यांना बर्लिनमधील बागवाड्यांच्या वसाहतीत लपून राहावे लागले, तीन स्त्रियांनी त्यांना आसरा दिला आणि धाकटा भाऊ गेर्ट नाझींच्या हातून मारला गेला. हे त्यांनी १९८० च्या आत्मचरित्रात स्वतः सांगितले आहे. ९ नोव्हेंबर १९७८ रोजी, नाझींनी १९३८ मध्ये घडवलेल्या ज्यूविरोधी हिंसाचाराच्या रात्रीला चाळीस वर्षे होत असताना, कार्यक्रम पुढे ढकलण्याची त्यांची विनंती वाहिनीने नाकारली, तेव्हा ते काळा सूट घालून उभे राहिले आणि नेहमीच्या गाण्यांऐवजी त्यांनी ऑपेरासंगीत ठेवले. माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत धीरोदात्त प्रसंग हाच. 'डाली डाली' १९८६ पर्यंत चालले.