नॉर्वेच्या सिनेमात संकलक म्हणून कोणाचं काम बघावं?

माझं उत्तर एकच: ऑलिव्हिए बुगे कुते. दिग्दर्शक योआकिम त्रिअर आणि तो इंग्लंडच्या नॅशनल फिल्म अँड टेलिव्हिजन स्कूलमधले सोबती. २००६च्या 'रिप्राइज'पासून त्रिअरचे सगळे कथापट त्यानेच संकलित केले आहेत. मधल्या काळात माइक मिल्सचा 'बिगिनर्स' हा अमेरिकन चित्रपटही केला. पण खरी ओळख या जोडीचीच.

सुरुवात 'ऑस्लो, ३१ ऑगस्ट'पासून करा (२०११). व्यसनमुक्ती केंद्रातून एका दिवसासाठी शहरात आलेला अँडर्स कॅफेत एकटा बसून आजूबाजूच्यांचं बोलणं ऐकत असतो. कट कुठे पडतो, म्हणजे एक दृश्य तुटून दुसरं कुठे सुरू होतं, कोणाचा आवाज कोणाच्या चेहऱ्यावर जातो, एवढंच बघा. त्याचा एकटेपणा संवादात नाही, तिथे आहे. मी तो प्रसंग चार-पाच वेळा मागे नेऊन पाहिलाय.

२०२१चा 'द वर्स्ट पर्सन इन द वर्ल्ड' अगदी उलट: प्रस्तावना, बारा प्रकरणं, उपसंहार, कुठलं प्रकरण लांब, कुठलं चिमुकलं. नायिका धावते आणि सगळं ऑस्लो थिजून उभं राहतं, तो प्रसंग गाजला. मला मात्र लहान प्रकरणंच जास्त आवडली. 'थेल्मा' थरारपट आहे, तो शेवटी बघितला तरी चालेल.